ग्लेझ्ड कॉर्न्ड बीफ आणि कोबी: आधी उकडायचं, की थेट ओव्हनमध्ये?

रविवारचा_बेत

येत्या 17 मार्चला (सेंट पॅट्रिक्स डे, आयरिश लोकांचा सण) सहाजण जेवायला आहेत, साडेसहाला पानं मांडायची आहेत. फ्लॅट कटचं (ब्रिस्केट म्हणजे छातीच्या मांसाचा चपटा भाग) 4 पाउंडांचं (सुमारे 1.8 किलो) कॉर्न्ड बीफ, म्हणजे खारवलेलं गोमांस, आणलंय: व्हॅक्यूम पिशवीत, खाऱ्या पाण्यासकट, सोबत मसाल्याची पुडी. नुसतं उकडलेलं वाढायचं नाहीये. वर मोहरी आणि ब्राउन शुगरचं चकचकीत ग्लेझ हवं, बाजूला कोबी, बटाटे, गाजर.

पाककृती (पाकृ) पाहाव्यात तर प्रत्येकीचं म्हणणं निराळं. कुणी रात्रभर पाण्यात भिजवायला सांगतं, कुणी म्हणतं नुसतं धुवा. कुणी तीन-चार तास उकडतं, कुणी झाकून सगळं ओव्हनमध्येच करतं. ग्लेझ सुरुवातीला लावायचं की शेवटी, यावरही एकमत नाही. तर विचारायचं ते असं:

मीठ काढायला नेमकं काय करावं? मांस मऊ झालं हे घड्याळावर ठरवायचं की आणखी कशावर? ग्लेझ ओघळून ट्रेमध्ये न साचता मांसावरच राहावं म्हणून काय करतात? आणि कोबी कधी टाकला म्हणजे त्याचा लगदा होणार नाही?

घरात 8 क्वार्टचं पातेलं, साधा ओव्हन, प्रोब थर्मामीटर आणि इलेक्ट्रिक प्रेशर कुकर आहे.

मोजूनमापून

ही दोन वेगळी कामं आहेत, ती वेगळीच ठेवा. मऊ करायचं काम पाण्याचं, रंग आणि चकाकी आणायचं काम ओव्हनचं. दोन्ही एकदम साधायला गेलं की मांस वातड राहतं आणि साखर मात्र जळून जाते.

आधी मीठ. पिशवीतलं पाणी फेकून द्या आणि मांस नळाखाली सगळ्या बाजूंनी चोळून धुवा. पातेल्यात ठेवून थंड पाणी घाला, उकळी आणा, पाच मिनिटांनी चमचाभर पाणी चाखून बघा. तोंडात धरवत नाही इतकं खारट असेल तर ते सगळं ओतून द्या आणि नव्या पाण्यात सुरुवात करा. भरपूर पाण्यात उकडणार असाल तर रात्रभर भिजवायची गरज पडत नाही, कारण पुढचे तीन-चार तास मीठ पाण्यात उतरतच राहतं. बटाटा टाकून खारटपणा काढायच्या भानगडीत पडू नका. बटाटा खारं पाणी पितो, पण त्यातलं मीठ तेवढं वेचून घेत नाही. उरलेलं पाणी होतं तितकंच खारट राहतं.

पातेल्यात घालण्याआधी आणखी दोन गोष्टी. वरचा चरबीचा थर पाव इंचापेक्षा (6 मिमी) जाड असेल तर तेवढाच ठेवून बाकीचा कापा. पूर्ण काढू नका, ग्लेझ त्याच्यावरच छान धरतं. दुसरं म्हणजे मांसाचे धागे कोणत्या दिशेने जातात ते आत्ताच बघा आणि एका कोपऱ्याची छोटी चकती धाग्यांना आडवी कापून खूण करून ठेवा. ग्लेझ चढल्यावर धागे दिसत नाहीत आणि मग सुरी अंदाजाने चालते.

आता उकडणं. चरबीची बाजू वर, पाणी मांसाच्या वर इंचभर. मसाल्याची पुडी, एक कांदा अर्धा करून, चार लसूण पाकळ्या, दोन तमालपत्रं. मीठ अजिबात नाही. उकळी फुटली की वरचा फेस काढा आणि आच इतकी मंद करा की पाणी नुसतं थरथरेल, मधूनच एखादा बुडबुडा येईल. थर्मामीटर पाण्यात धरला तर 185 ते 200 अंश फॅरनहाइट. रटरट उकळत ठेवलं तर मांसाचे तंतू आवळतात, आतला रस पिळून निघतो आणि बाहेरचा भाग उसवून चोथा होतो. झाकण थोडं कलतं ठेवा, म्हणजे आच हाताबाहेर जात नाही.

वेळ पाउंडाला 50 मिनिटं ते एक तास, म्हणजे तुमच्या तुकड्याला सव्वातीन ते चार तास. पण घड्याळ हा फक्त अंदाज झाला. यूएसडीएच्या (अमेरिकेच्या कृषी खात्याच्या) हिशेबाने 145 अंश फॅरनहाइट आणि त्यानंतर तीन मिनिटं थांबलं की असं मांस खायला सुरक्षित असतं. त्या तापमानाला ब्रिस्केट चावता चावत नाही. त्यातलं कोलॅजन विरघळून जिलेटिन व्हायला वेळही लागतो आणि उष्णताही लागते. सर्वांत जाड भागात 195 ते 203 अंश (90 ते 95 सेल्सिअस) दाखवायला लागलं की काटा टोचून फिरवून बघा. काटा विनासायास फिरला तर झालं. मांस वर उचललं जात असेल तर आणखी वीस मिनिटं. चिवट लागलं की लोकांना वाटतं जास्त शिजलं, म्हणून घाईने काढतात. बहुतेक वेळा ते कमी शिजलेलं असतं. जास्त शिजलेलं ब्रिस्केट चिवट नसतं, कापताना त्याचे धागे सुटे होऊन पडतात.

ग्लेझ. 4 पाउंडांना एवढं पुरतं: अर्धा कप (100 ग्रॅम) लाइट ब्राउन शुगर, दोन टेबलस्पून डिजाँ मोहरी (बाटलीतली तयार मोहरीची पेस्ट), एक टेबलस्पून अख्ख्या दाण्यांची मोहरी (तीही बाटलीतलीच), दोन टेबलस्पून अ‍ॅपल सायडर व्हिनेगर, एक टेबलस्पून बिनमिठाचं बटर, पाव टीस्पून मिरपूड, लवंगपूड चिमूटभर. छोट्या पातेलीत मंद आचेवर तीन-चार मिनिटं, एकतारी पाकापेक्षा जरा सैल होईपर्यंत. याहून पातळ असेल तर ओघळतं, घट्ट केलं तर ब्रशला चिकटतं आणि गोळे होतात. सोया सॉस किंवा वूस्टरशर सॉस घालायचा मोह टाळा. खारटपणा मांसात आहेच, शिवाय डिजाँमध्येही मीठ असतं.

ग्लेझ न टिकण्याचं कारण जवळजवळ नेहमी एकच असतं: ओलं मांस. पातेल्यातून काढून जाळीवर ठेवा, दहा-पंधरा मिनिटं वाफ जाऊ द्या, मग पेपर टॉवेलने वरची बाजू अक्षरशः कोरडी होईपर्यंत टिपा. चरबीवर इंच-इंच अंतराने उभ्या-आडव्या उथळ चिरा द्या, मांसापर्यंत न जाता. ट्रेला फॉइल लावा आणि तळाशी अर्धा कप रस्सा ओता, म्हणजे ओघळलेली साखर जळून घरभर धूर होत नाही. ओव्हन 375 अंश फॅरनहाइट (190 सेल्सिअस). अर्ध्या ग्लेझचा पातळ हात, 10 मिनिटं. उरलेल्याचा दुसरा हात, आणखी 8 ते 10 मिनिटं. एकदम जाड थर दिला तर वरचा भाग रंगतो आणि खालचा तसाच निसटतो.

शेवटी ब्रॉयलर (ओव्हनची वरून येणारी प्रखर आच) लावायचा तर मांस सहा इंच खाली, एक ते दोन मिनिटं, दार किंचित उघडं आणि नजर आतच. या टप्प्यावर फोन आला तर घेऊ नका.

साडेसहाचं गणित: 1 वाजता थंड पाण्यात, दीडपर्यंत उकळी. सव्वापाचला बाहेर, साडेपाचला ओव्हनमध्ये, पाच-पन्नासला बाहेर, सहा-दहाला कापायला. मांस लवकर मऊ झालं तर आच बंद करून त्याच गरम रश्श्यात झाकून ठेवा, अर्धा-पाऊण तास काही होत नाही. उशीर झाला तर मात्र सोडवणूक नाही, म्हणून सुरुवात लवकर करा.

शिजून वजन सुमारे अडीच पाउंडांवर येईल. सहाजणांना भरपूर, दुसऱ्या दिवशीच्या सँडविचला मात्र फारसं उरणार नाही.

खमंग_ओव्हन

वरचं बरंचसं पटलं, पण सगळी चव पाण्यात उतरवून पाणी टाकून देणं मला पटत नाही. झाकून ओव्हनमध्ये केलं तर मांसाला मांसाची चव राहते. खोल ट्रे किंवा डच ओव्हन (जाड बुडाचं, घट्ट झाकणाचं पातेलं), चरबी वर, तळाशी फक्त इंचभर पाणी, मसाला, कांदा. फॉइलने घट्ट बंद करून वर झाकण. 325 अंश फॅरनहाइटवर पाउंडाला साधारण तास. मऊपणाची कसोटी तीच, 195 च्या पुढे काट्याने. मग फॉइल काढून, टिपून ग्लेझ.

यात एक अट आहे आणि बऱ्याच पाकृंमध्ये ती गाळलेली असते: भिजवणं. पाणी इंचभरच असल्यामुळे मीठ जायला जागाच नसते. आदल्या रात्री फ्रीजमध्ये भरपूर थंड पाण्यात बुडवून ठेवा, एक-दोनदा पाणी बदला. न भिजवता या पद्धतीने केलं तर पहिला घास खाऊनच पाण्याचा ग्लास शोधावा लागेल. आणि ट्रेमधला रस्सा भाजीसाठी वापरू नका, तो फारच खारट असतो.

पाण्याऐवजी स्टाउट बिअरही घालतात. अर्धं पाणी, अर्धी बिअर ठेवा. नुसती बिअर तीन-चार तास आटली की तिचा कडवटपणा वर येतो.

मोजूनमापून

@खमंग_ओव्हन, भिजवायची तयारी असेल तर तुमची पद्धत चवीला सरस, हे मान्य. पण कोबी-बटाटे त्याच रश्श्यात शिजवायचे असतील तर पातेलंच बरं. प्रश्न विचारणाऱ्यांना कोबी हवाय, म्हणून पातेलं सांगितलं.

गड्डा_कोबीचा

कोबीचं मी सांगतो, कारण या पदार्थात सगळ्यात जास्त छळ त्याचाच होतो. तीन तास मांसाबरोबर उकळलेला कोबी राखाडी होतो, त्याला गंधकासारखा उग्र वास येतो आणि तो वास पडद्यांना दोन दिवस राहतो. कोबीवर्गातल्या भाज्यांमध्ये गंधकयुक्त संयुगं असतात. जितका वेळ उकळाल तितका तो वास वाढत जातो. उपाय एकच, थोडा वेळ.

मांस पातेल्यातून काढलं की मगच भाज्या. मांस ओव्हनमध्ये आहे आणि नंतर विसावतंय, तेवढा वेळ भाज्यांना अगदी पुरतो. रश्श्यावरची चरबी पळीने काढा, पुडीतला मसाला गाळून टाका, आणि चव बघून निम्मा रस्सा काढून तितकंच साधं पाणी घाला. बटाट्यात हे मीठ पटकन चढतं, म्हणून हा टप्पा सोडू नका.

क्रम असा: दीड पाउंड छोटे लाल बटाटे अर्धे करून सर्वांत आधी, पाच-पस्तीसला. दहा मिनिटांनी एक पाउंड गाजर, दोन-दोन इंचांचे तुकडे. आणखी दहा मिनिटांनी, म्हणजे पाच-पंचावन्नला, कोबी. 2 पाउंडांचा एक गड्डा आठ फोडी करून, प्रत्येक फोडीला मधल्या दांड्याचा तुकडा राहिलाच पाहिजे. दांडा कापून टाकला की पानं सुटी होऊन पातेलंभर तरंगतात आणि पळीने गोळा करत बसावं लागतं. 12 ते 15 मिनिटांत सुरीचं टोक दांड्यात शिरतं, तिथेच काढा. झाकण पूर्ण बंद करू नका.

रसेट (पिठूळ जातीचे) बटाटे घेऊ नका, ते फुटून रस्सा गढूळ करतात. हिरवा रंग टिकावा म्हणून कुणी खायचा सोडा घालायला सांगेल. रंग टिकतो, पण पानांचा गिळगिळीत चिखल होतो. जांभळा कोबी सगळ्या बटाट्यांना रंगवून टाकेल.

खरं सांगायचं तर ग्लेझ्ड मांसाबरोबर उकडलेल्या कोबीपेक्षा तव्यावरचा कोबी मला जास्त आवडतो. ग्लेझ गोड, मांस खारं, त्यात उकडलेला कोबी मऊ-मऊच लागतो. बिडाचा तवा चांगला तापवा, दोन टेबलस्पून बटर-तेल, इंचभर जाडीच्या फोडी कापलेल्या बाजूने ठेवा आणि चार-पाच मिनिटं हलवू नका. खालची बाजू काळपट तपकिरी झाली की उलटा, पुन्हा तेवढंच. मग पाव कप रस्सा, झाकण, पाच मिनिटं. वरून थोडं व्हिनेगर आणि मिरी. हलवत बसलात तर रंग धरत नाही, नुसतं पाणी सुटतं. दोन फेऱ्या कराव्या लागतील, म्हणून पावणेसहालाच तवा ठेवा.

रविवारचा_बेत

सगळ्यांचे आभार, चित्र बरंच स्पष्ट झालं. पातेल्याचाच मार्ग धरतो, कोबी तव्यावर.

तीन शंका उरल्या. कुकरमध्ये केलं तर वेळ वाचेल का? शिजल्यावरही आत गुलाबी दिसतं, ते कच्चं नाही हे पाहुण्यांना कसं सांगू? आणि पुढच्या खेपेला मांस घरीच खारवायचं ठरवलं तर?

मोजूनमापून

कुकर: वाचेल, पण वाटतो तितका नाही. हाय प्रेशरवर 85 ते 90 मिनिटं, मग 20 मिनिटं वाफ आपोआप उतरू द्यायची. प्रेशर यायला लागणारा वेळ धरला तर अडीच तासांच्या आसपास जाल. वाफ एकदम सोडली तर दाब अचानक उतरतो, कुकरमधलं पाणी जोरात उकळतं, मांसातला रस बाहेर येतो आणि इतकी मेहनत करून तंतू कोरडे होतात. शिट्ट्या मोजायची सवय इथे कामाची नाही, या कुकरला शिट्टीच नसते. पाणी चारच कप मावणार, म्हणून मीठ काढायला भिजवणं आलंच. आणि उघडल्यावर काटा फिरला नाही तर पुन्हा 15 मिनिटं लावा. कुकरमध्ये अधूनमधून तपासता येत नाही, हा त्याचा खरा तोटा. ग्लेझची कृती तीच. मांस जास्त ओलं निघतं, म्हणून टिपायला दुप्पट वेळ द्या.

स्लो कुकरही चालतो: लो वर 10 ते 12 तास किंवा हाय वर 5 ते 6. कोबी मात्र त्यात घालू नका.

खारवण

गुलाबी रंग आणि घरचं खारवणं हे एकाच धाग्याला बांधलेलं आहे, म्हणून दोन्ही एकत्र सांगतो.

कॉर्न्ड बीफमध्ये सोडियम नायट्राइट असतं. ते मांसातल्या मायोग्लोबिनशी जोडलं जातं आणि तापवल्यावर जो गुलाबी रंग तयार होतो तो कितीही शिजवलं तरी जात नाही. त्यामुळे इथे रंगावरून कच्चं-पक्कं ठरवता येत नाही, थर्मामीटर आणि काटा हेच साक्षीदार. उलट नायट्राइट न घालता नुसत्या मिठात मुरवलं तर मांस राखाडी निघतं. न्यू इंग्लंडमध्ये, बॉस्टनच्या बाजूला, तसलं राखाडी कॉर्न्ड बीफ मुद्दाम विकतात आणि आवडीने खातात.

घरी करायचं तर लागतं ते क्युअरिंग सॉल्ट नंबर 1, म्हणजे प्राग पावडर नंबर 1. यात 6.25 टक्के सोडियम नायट्राइट आणि बाकी साधं मीठ असतं. साध्या मिठाशी गल्लत होऊ नये म्हणून ते गुलाबी रंगवलेलं असतं, आणि नेमकी तिथेच आपल्या लोकांची गल्लत होते: सैंधव किंवा हिमालयन गुलाबी मीठ म्हणजे हे नव्हे. सैंधवात नायट्राइट नसतं, त्याने रंगही येत नाही आणि संरक्षणही मिळत नाही. उलटी चूक त्याहून वाईट, क्युअरिंग सॉल्ट जेवणात मीठ म्हणून वापरलं तर विषबाधा होऊ शकते. डब्यावर ठळक लिहा आणि मिठाच्या बरणीपासून लांब, मुलांच्या हाती लागणार नाही असं ठेवा. नंबर 2 घेऊ नका. त्यात नायट्रेटही असतं, ते महिनोन्महिने वाळवायच्या सॉसेजसाठी.

प्रमाण वजनावर, चमच्यावर नाही. दाणा जाड-बारीक असला की चमचाभराचं वजन बदलतं. हिशेब मांस आणि पाणी दोन्ही मिळून करायचा:

ब्रिस्केट 2 किलो, पाणी 2 लिटर, एकूण 4000 ग्रॅम.
क्युअरिंग सॉल्ट 0.25 टक्के: 10 ग्रॅम. (एकूण नायट्राइट दशलक्षात 156 भाग होतं.)
साधं मीठ 2.25 टक्के: 90 ग्रॅम.
साखर 1 टक्का: 40 ग्रॅम.
मसाला: मोहरी आणि धणे प्रत्येकी एक टेबलस्पून, मिरी एक टीस्पून, ऑलस्पाइस आठ दाणे, लवंगा चार, तमालपत्रं दोन, दालचिनीचा छोटा तुकडा. सगळं किंचित भाजून जाडसर ठेचलेलं.

अर्ध्या लिटर पाण्यात मीठ, साखर आणि मसाला उकळा. उरलेलं दीड लिटर पाणी बर्फाइतकं गार ठेवलेलं त्यात ओता आणि पूर्ण गार झाल्यावर क्युअरिंग सॉल्ट ढवळून विरघळवा. कोमट पाण्यात मांस घालणं ही इथली सर्वांत मोठी चूक. मोठ्या झिप पिशवीत मांस आणि पाणी भरा, हवा काढा, पिशवी काचेच्या किंवा स्टीलच्या ट्रेमध्ये ठेवा. अ‍ॅल्युमिनियमचं भांडं नको. फ्रीज 40 अंश फॅरनहाइटच्या खाली हवा. रोज एकदा उलटं करा. दोन इंच जाडीला 10 दिवस धरा. हे प्रमाण सौम्य आहे, त्यामुळे एक-दोन दिवस जास्त राहिलं तरी खारट होत नाही. दुप्पट मिठाच्या झटपट कृतींमध्ये ती सवलत मिळत नाही.

कापल्यावर मधोमध राखाडी पट्टा दिसला तर समजावं की मीठ आतपर्यंत पोचलेलं नव्हतं. त्याचं कारण बहुधा जाड तुकडा, कमी दिवस, किंवा पिशवीत मांस एकाच कुशीवर पडून राहणं. नीट शिजवलं असेल तर खायला हरकत नाही. पॉइंट कट (ब्रिस्केटचा दुसरा भाग) फार जाड असतो, त्याला सिरिंजने चार-पाच ठिकाणी तेच पाणी टोचावं. ज्या पाण्यात खारवलं ते ओतून द्यायचं, उकडायला वापरायचं नाही.

उगीच_एक_खडा

विषयाला सोडून थोडं. आयर्लंडमध्ये परंपरेने कोबीबरोबर डुकराचं खारवलेलं मांस खातात. कॉर्न्ड बीफ हे अमेरिकेत येऊन स्थायिक झालेल्या आयरिश लोकांचं. न्यूयॉर्कमध्ये ते ज्यू खाटिकांकडून ब्रिस्केट घेत, ते स्वस्तही पडे. गंमत म्हणजे सतराव्या-अठराव्या शतकांत आयर्लंडमधल्या कॉर्कहून खारवलेलं गोमांस जहाजं भरभरून बाहेर जात होतं.

आणि 17 मार्च लेंटमध्ये (ईस्टरआधीच्या उपवासाच्या काळात) शुक्रवारी आला की कॅथलिकांना मांस वर्ज्य, मग अमेरिकेतले बरेच बिशप त्या दिवसापुरती सूट देतात. 2017 आणि 2023 मध्ये तसं झालं. पाहुण्यांत कुणी पाळणारं असेल तर आधी कॅलेंडर बघून विचारून ठेवा.

गड्डा_कोबीचा

कापण्याबद्दल कुणी पुरेसं लिहिलं नाही. ओव्हनमधून काढल्यावर 15 ते 20 मिनिटं तसंच ठेवा, फॉइलने गच्च झाकू नका. आतल्या वाफेने ग्लेझ मऊ पडून सुटतं. लांब, धारदार सुरी, एका दिशेने ओढत, पाव इंच जाडीच्या चकत्या, कोपऱ्यावरच्या खुणेला समांतर. तुम्ही फ्लॅट कट घेतलाय म्हणजे धागे एकाच दिशेने जातात, काम सोपं. फ्लॅट आणि पॉइंट जोडून असलेला तुकडा असता तर मधला चरबीचा पडदा धरून दोन्ही वेगळे करावे लागले असते, कारण दोघांचे धागे वेगवेगळ्या दिशांना जातात. मांस मऊ शिजवूनही ताटात चिवट लागतं ते बऱ्याचदा धाग्यांच्या लांबीत कापल्यामुळे.

शिजताना मोहरीचा झणका उडून जातो, ग्लेझमध्ये उरतो तो नुसता आंबट-गोडपणा. म्हणून टेबलावर बाटलीतली मोहरी किंवा हॉर्सरॅडिश (एक झणझणीत मूळ) सॉस ठेवाच: अर्धा कप सावर क्रीम, दोन टेबलस्पून बाटलीतलं हॉर्सरॅडिश, लिंबू थोडंसं.

रविवारचा_बेत

शेवटचं एक. उकडायचं काम आदल्या दिवशी उरकलं तर चालेल? 17 तारखेला दुपारी घरी नसण्याची शक्यता आहे.

मोजूनमापून

चालेल, आणि चकत्याही जास्त नेटक्या पडतात. आदल्या दिवशी 195 पर्यंत न्या. मांस बाहेर काढा, रस्सा उथळ ट्रेमध्ये ओतून लवकर गार करा, मग दोन्ही एकत्र झाकून दोन तासांच्या आत फ्रीजमध्ये. सकाळी वर चरबीचा घट्ट थर आलेला असेल, तो अलगद उचलून टाका.

संध्याकाळी साडेचारला ट्रेमध्ये मांस, कपभर रस्सा, घट्ट फॉइल, 325 अंश. मधोमध 165 झालं की (तासभर ते सव्वा तास) फॉइल काढा, टिपा, आणि ओव्हन 375 वर नेऊन ग्लेझचे दोन हात. गार मांसावर थेट ग्लेझ लावून तापवायला गेलात तर आत गरम व्हायच्या आधी साखर काळी होईल. डार्क ब्राउन शुगर किंवा मध वापरणार असाल तर दुसऱ्या हातानंतर सहाव्या मिनिटाला बघा; दोन्ही लवकर रंगतात.

उरलेलं फ्रीजमध्ये तीन-चार दिवस, फ्रीझरमध्ये दोन-तीन महिने. हॅश (मांस आणि बटाट्यांचं परतलेलं मिश्रण) करायचं तर बटाटे वेगळे भाजून घ्या आणि मांस शेवटच्या चार मिनिटांत टाका. रस्सा आटवून ग्रेव्ही करू नका, आटला की मीठच उरतं.